पडद्याकडे पाठ करून

आमच्या घरात पहिली ताटली आत्याची असायची. घरातले कर्ते आमचे आबा. शेळ्या-मेंढ्या त्यांच्या, शब्द त्यांचा, पण दुधाचा पहिला पेला आणि चुलीवरची पहिली भाकरी जायची ती आत्यापुढं. तिनं घास मोडेपर्यंत आबासुद्धा पाण्याचा तांब्या हातात धरून गप बसून राहायचे. आत्या म्हणजे आबांची धाकटी बहीण, भागा तिचं नाव. मला वाटायचं सगळ्यांच्याच घरात असं असतं, एक आत्या असते आणि ती पहिली जेवते. पुढं लग्न होऊन दुसऱ्या घरात गेले तेव्हा कळलं की नांदून परत आलेल्या बाईला घरात कुठं बसवतात ते. आमच्या आत्यालाही नवऱ्यानं टाकलेलं होतं, बरं का. एक बोचकं घेऊन ती भावाच्या दारात आली होती, आणि आय सांगायची की पहिलं वर्षभर ती दाराच्या आत यायलाही कचरायची, बाहेर मेंढरांच्या खोपटातच झोपायची. मग एका दसऱ्याला बिरोबापुढं ढोल वाजत असताना तिच्या अंगात देव आला. तेव्हापासून ती देवाचं झाड झाली. झाड म्हणजे ज्या माणसात देव येऊन बोलतो ते माणूस. लांबलांबचे लोक कौल मागायला यायला लागले, कुणी तांदूळ आणायचं, कुणी नारळ, कुणी कोंबडं, आणि आत्याची ताटली सरकत सरकत पहिली झाली.

घर आमचं मुळशीच्या खोऱ्याच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या उतारावर. दगडमातीच्या भिंती, वर गवत, अर्ध्या घरात आम्ही आणि अर्ध्यात कोकरं, मधे नुसता एक कुडाचा पडदा. लोकरीचा, दुधाचा आणि धुराचा मिळून एक वास होता, तो अंगाला कायमचा बसलेला. नाचणीची भाकरी, हुलग्याचं माडगं, ठेचा, आणि ताक असलं तर सणच. देव येऊन गेला की आत्या नुसती मोळीसारखी पडायची. मी तिचे पाय दाबायला बसायचे. आज लोक मला विचारतात, आजी, ते खरं असायचं का हो? मी काय सांगू? माझ्या हाताला तिचे पाय पाण्यात बुडवून काढल्यासारखे गार लागायचे, आणि पुढं दोन-तीन दिवस तिला ताप असायचा, अंग ठणकायचं, जेवण नको म्हणायची. सोंग करणाऱ्याला एवढं कोण दमवतं? ती डोळे मिटूनच म्हणायची, "पोरी, टाचांवर दाब. समदा डोंगर माज्या टाचांवर हुबा ऱ्हायलाय बघ." तिचं वय तेव्हा फार नसणार. आता हिशेब करते तर माझ्या नातसुनेएवढी असेल. पण मला ती म्हातारीच वाटायची.

त्या सुमाराला खाली खोऱ्यात धरणाचं काम चाललं होतं. दुपारच्या वेळी सुरुंग उडायचे. आवाज आधी पोटात यायचा आणि मग कानात. फळीवरची गाडगी एकमेकांना लागून किणकिणायची, कोकरं आईच्या पोटाखाली घुसायची. धरणाची भिंत चढत होती आणि खालच्या गावांना कळून चुकलं होतं की पाणी कुठवर येणार. आमचा डोंगर वर राहणार होता, पण आमचं दूध घेणारी, खतासाठी आमच्या मेंढ्या रानात बसवून घेणारी सगळी माणसं खालची. त्यांतले एक हैबतीबाबा. जुने जमीनवाले, भाताची खाचरं अगदी नदीला लागून. त्यांची पोरं म्हणत होती गाव सोडून उठू या, आणि म्हातारा म्हणत होता देव सांगेल तसं. ते दर आठ-पंधरा दिवसांनी चढ चढून आमच्याकडं यायचे. आबा ढोल काढायचे, ढोल वाजायचा, आत्या डोळे मिटून बसायची, आणि काहीच व्हायचं नाही. पावसाळा संपल्यापासून देव आलाच नव्हता. हैबतीबाबा धोतराला कपाळ पुसत उठायचे, "येतो म्हणं, फुडच्या बारीला," आणि उतरून जायचे.

एकदा संध्याकाळी आबा आयला म्हणाले, "द्येवानंच टाकली तर हिला कुनी ठिवायची?" आत्या पलीकडं कोकरांत होती, आणि कुडाचा पडदा तो, त्यातनं श्वाससुद्धा ऐकू यायचा. दुसऱ्या दिवशी तिनं पहिल्या भाकरीतली अर्धी मोडून परत टोपलीत ठेवली. भूक न्हाई म्हणाली. मी ती अर्धी खाल्ली म्हणून मला आठवतंय.

तर अशात तो तंबूवाला आला. धरणाच्या कामावरच्या माणसांच्या झोपड्या होत्या त्यांच्या कडेच्या माळावर त्यानं तंबू ठोकला. पुण्याकडचा होता, काटकुळा, डोक्याला काळी टोपी, बोलताना सारखा घाम पुसायचा. त्याच्याकडं हातानं फिरवायचं यंत्र होतं आणि डब्यांत गुंडाळलेली चित्रं. एक डबा देवादिकांचा आणि बाकीचे सगळे गोऱ्या लोकांच्या आचरटपणाचे. तो आमच्या वाडीवर ढोल शोधत आला.

"इथे ढोल कोण वाजवतं?"

"मी वाजिवतो," आबा म्हणाले. "पर द्येवाचा हाय त्यो."

"देवाचाच वाजवा हो. आमचा पेटीवाला हिवतापानं आडवा झालाय. पडद्यावरची माणसं मुकी, आणि यंत्र नुसतं खटखट करतं. लोक झोपा काढतात माझ्या तंबूत! तुम्ही वाजवा, तुमच्या अख्ख्या घराला फुकट बसवतो."

"वाजवू काय पर?"

"सोपं आहे. मी मागून कंदील हलवीन. हळू हलवला की हळू. जोरात हलवला, म्हणजे पडद्यावर पळापळ सुरू झाली. मग तुम्हीपण जोरात."

आबांनी जरा विचार केला. "जोरात म्हंजे आमच्याकडं एकच चाल हाय."

"चालेल की!" म्हणून तो उतरूनही गेला. कोणती चाल, ते त्यानं विचारलं नाही, आणि आबांनीही सांगितलं नाही. आबांना त्यात सांगण्यासारखं काही वाटलंच नसणार. जोरातली चाल म्हणजे बिरोबाला बोलावण्याची चाल. ढोल त्यासाठीच असतो.

आम्ही सगळे गेलो. आत्या नको म्हणत होती, पण आयनं तिला ओढलीच. "चला वो वन्सं, रोज काय ह्या कोकरांची तोंडं बघायची?" दिवे लागायच्या वेळेला तंबू भरला. पुढं धरणावरची माणसं, मधे खालच्या गावांतली, आणि मागं एका अंगाला आम्ही बायका. तंबूला आधाराचा मोठा बांबू होता, त्याला टेकून आत्या बसली, एका बाजूला आय आणि मांडीशी मी. हैबतीबाबाही आले होते, धाकट्या पोरानं बळंच आणलं होतं त्यांना. आबा ढोल घेऊन पडद्याच्या शेजारी बसले, तोंड आमच्याकडं करून, कारण त्यांना मागचा कंदील दिसायला हवा होता. हे नीट ध्यानात घ्या, आबांना पडदा दिसतच नव्हता. त्यांनी ते चित्र जन्मात पाहिलं नाही.

पहिल्यांदा एक जाडा माणूस आला. डोक्यावर गाडग्याएवढी टोपी, विजार घसरत होती, ती धरून चालायचा. तो पायरीवरनं घसरून असा पालथा पडला की आमच्यातली एक म्हातारी ओरडली, "आरं उचला की त्येला कुनीतरी!" तंबूवाला मागून म्हणाला, "अहो आजी, हसायचंय." म्हातारी म्हणाली, "पडल्यालं माणूस बघून हसू व्हय? तुझं कुनी पडलं न्हाई वाटतं." कुणीच हसलं नाही. मग कुणीतरी त्या जाड्याच्या तोंडावर पिठाचा थापा मारला, तर बायका हळहळल्या, एवढं पीठ वाया घालवलं मेल्यांनी! मग त्या जाड्यानं खांद्यावर लांबलचक शिडी घेतली आणि कुणीतरी हाक मारली म्हणून गर्रकन वळला, तर शिडीच्या मागच्या टोकानं शिपाई उडाला. शिपाई उठतोय तोवर हा काय झालं बघायला परत वळला, आणि शिपाई परत उडाला. मग पुष्कळ शिपाई आले आणि पळापळ सुरू झाली. मागं कंदील जोरजोरात हलला. आबांनी ढोलावर टिपरू टाकलं.

आता ती चाल आमच्या लोकांच्या हाडांत बसलेली. ती सुरू झाली की पायातलं काढायचं, बायकांनी डोईवर पदर घ्यायचा, आणि झाडाकडं पाठ करून बसायचं नाही. विचार करायचा प्रश्नच येत नाही. बघता बघता मधली सगळी माणसं उलटी फिरली. वहाणा बाजूला झाल्या, हात जोडले गेले, अख्ख्या तंबूतली आमच्या मुलखातली माणसं पडद्याकडे पाठ करून आत्याकडं तोंड करून बसली. पुढं धरणावरची परमुलखातली माणसं, त्यांना वाटलं मागं काहीतरी झालं, म्हणून तीही माना वळवून बघायला लागली. पडद्यावर जाडा पुढं आणि शिपाई मागं असे धावतायत, शिडी आडवी होऊन दारात अडकतीय, आणि तंबूत त्यांच्याकडं बघणारं एकच माणूस उरलं. आमची आत्या. आणि तिच्या मांडीशी मी.

आत्याचे खांदे हलायला लागले.

"आला!" कुणीतरी म्हणालं. आबांनी ते बघितलं. त्यांचा चेहरा मी त्या उजेडात पाहिला. इतके महिने ज्याच्यासाठी हात दुखवले ते समोर दिसत होतं, आणि त्यांनी डोळे मिटून असा ढोल घुमवला की तंबूचं कापड थरथरलं. हैबतीबाबा माणसांतून रांगत पुढं आले. कनवटीचा भंडारा काढून त्यांनी आत्याच्या कपाळाला लावला, तिच्या पायांवर डोकं ठेवलं आणि म्हणाले, "द्येवा, उठू का ऱ्हाऊ? येवडंच सांग. दुसरं कायबी नगं." आत्या त्यांच्या वाकलेल्या पाठीवरून पडद्याकडं बघत होती. तिकडं जाडा छपरावर चढला होता, शिडी त्यानंच वर ओढून घेतली होती, आणि आता उतरायचं कसं म्हणून डोकं खाजवत होता. आत्यानं पदर तोंडात कोंबला. डोळ्यांतनं पाणी गळायला लागलं. आणि मग तिला धरवेना, पदर सुटला आणि ती हसली. आमच्या आत्याचं हसणं मी पहिल्यांदा ऐकलं ते तिथं. जाड आवाज होता, पुरुषासारखा, पोटातनं आलेला.

आबांचा हात थांबला. यंत्राची खटखट तेवढी चालू होती, आणि आत्याचं हसणं. मागून तंबूवाल्याला काय चाललंय ते कळेना, तो ओरडला, "अहो, सगळे पडद्याकडे पाठ करून काय बसलात! गंमत तिकडे आहे, तिकडे!"

हैबतीबाबांनी डोकं वर केलं. "द्येवा," ते म्हणाले, "हसतूस व्हय?"

आजकाल माझा नातू पिरंगुटच्या कारखान्यातनं आला की टीव्ही लावतो. कधीकधी असली जुनी मुकी चित्रं लागतात, तुरुतुरु चालणारी माणसं. पोरं हसतात. मी पण बघते. पण मला अजूनही ते पडलेले उठतात तेव्हा हैबतीबाबांची पाठ मधे आल्यासारखी वाटते, आणि मी मान जरा बाजूला करून बघते. नातू म्हणतो, आजे, मान अवघडलीय का? मी म्हणते, व्हय बाबा, अवघडलीय.

घरी येताना आबा हवेत चालत होते. हातातला टेंभा कुणा दुसऱ्याकडं दिला आणि ढोल स्वतः वाहिला. सगळी वाट बोलणं तेच. देव हसला म्हणजे राजी झाला, असं काही म्हणत होते, काही म्हणत होते हसला म्हणजे टिंगल केली. आबांनी हैबतीबाबांना सकाळी यायला सांगून टाकलं होतं, कौलाचा अर्थ ऐकायला. घरी पोचल्यावर त्यांनी आत्याला समोर बसवली आणि अगदी मऊ आवाजात विचारलं, "भागा, द्येव कशापायी हसला?"

आत्या खाली बघत म्हणाली, "दादा, द्येव न्हवता त्यो. मीच हसले."

"आसं बोलू नगंस."

"अवो, त्यो जाड्या शिडी घिऊन वळला की वो..." आणि तिला परत हसू फुटलं, पण आता थकलेलं. आबा हसले नाहीत. त्यांनी काय बघितलं होतं म्हणून हसणार?

त्यांनी ढोल उचलून खुंटीला अडकवला. मग म्हणाले, "हे बघ. सकाळी म्हातारा यील. तू कायबी बोलू नगंस. मी सांगतो, द्येव राजी हाय, ऱ्हा म्हनला. म्हाताऱ्याला बी तेच ऐकायचंय. त्यो सुखानं जाईल, लोक परत याया लागतील."

"आन् पानी आल्यावर?"

"पानी यील तवा यील. तू तुजं बघ. उद्या द्येव न्हाई म्हनलीस तर हितनं फुडं तुजं ह्या घरात काय, त्याचा इचार कर." आबा वाईट नव्हते. हे त्यांनी धमकी म्हणून नाही सांगितलं, आहे ते सांगितलं. आय चुलीपाशी बसून निखारे राखेत लोटत होती, तिनं मान वर केली नाही.

हैबतीबाबा उन्हं अंगणात यायच्या आतच आले. हातात नारळ. पायऱ्यांवर बसून दम खाल्ला, आयनं दिलेलं ताक प्याले. आबांनी घसा साफ केला, "बाबा, कौल आसा हाय की..." तर आत्या आतून बाहेर आली. कपाळावरचा भंडारा तिनं धुऊन टाकला होता.

"नारळ माघारी न्या बाबा," ती म्हणाली. "काल द्येव आला न्हवता. मी त्या चित्राला हसले."

म्हातारा तिच्याकडं बघतच राहिला. "मी तुज्या पायावर डोस्कं ठिवलं, भागाबाई."

"ठिवलं. मला कळत व्हतं. लई वंगाळ वाटत व्हतं. पर हसू थांबंना."

"मंग द्येव काय म्हनतो?"

"मला ठावं न्हाई. द्येव यायचा तवा बी मला ठावं नसायचं बाबा, तुमीच सांगायचा नंतर, मी काय बोलले त्ये. आन् आता त्यो येईल आसं मला वाटत न्हाई. मी दमले."

आबा उठून मेंढ्यांच्या वाड्याकडं निघून गेले. हैबतीबाबा चिडतील असं मला वाटलं, मी आयच्या मागं सरकले. पण ते नारळ मांडीवर फिरवत बसून राहिले. खाली खोऱ्यात माणसांचे बारीक आवाज, पहारींचे आवाज चालू झाले होते. मग एकदम त्यांनी विचारलं, "त्यो जाडा. मला दिसला न्हाई, माजी पाठ व्हती. त्यो उतरला का छपरावरनं?"

"पडला," आत्या म्हणाली. "उतरायचं कळंना, मंग पडला."

"यवढ्या वरनं? लागलं न्हाई त्येला?"

"लागलं आसंल की. पर बसून कुठं ऱ्हातोय, मागं शिपाई लागल्यालं. उठला, टोपी शोधली, आन् लागला पळाया."

म्हाताऱ्यानं मान हलवली. "टोपी शोधली व्हय," असं स्वतःशीच म्हणाले. मग गुडघ्यावर हात ठेवून उठले, नारळ पंच्यात बांधला आणि उतार उतरून गेले. पावसाळ्याआधी त्यांनी घराची लाकडं काढून गाडीत घातली आणि पोरांबरोबर गेले, असं पुढं ऐकलं. आत्याच्या बोलण्यानं, पोरांच्या हट्टानं, की त्यांचं त्यांनाच कळलं, ते मी कधी विचारलं नाही, आणि आता विचारायला कोण आहे? त्यांची खाचरं आज पाण्याखाली किती खोल आहेत ते मासे जाणोत.

त्या दुपारी आयनं पहिली भाकरी हातात धरली आणि क्षणभर थांबली. मग ती आबांच्या ताटलीत गेली. आत्यानं ते पाहिलं आणि न पाहिल्यासारखं केलं. ती आमच्याबरोबर शेवटी जेवली, उरलेल्या ठेच्याशी. चार दिवस आबा तिच्याशी एक शब्द बोलले नाहीत. लोकांचं येणं बंद झालं, तांदूळ बंद झाला, आणि पाठ फिरली की बायका म्हणायच्या, द्येवाला हसून घालवला रांडनं. मग एका सकाळी आबांनी आपली काठी आणि घोंगडं दाराशी आणून ठेवलं आणि तिच्याकडं न बघता म्हणाले, "वरल्या अंगाची मेंढरं तू न्हे आजपास्नं." आत्यानं काठी घेतली. देवाच्या बोलावण्याशिवाय ती कितीतरी वर्षांत त्या डोंगरावर चढली नव्हती.

संध्याकाळी ती आली तेव्हा पाय करवंदीच्या जाळ्यांनी ओरबाडलेले होते, एक टाच फुटली होती, पदरात रानातले दोन-चार कंद होते. मेंढ्या आत कोंडून ती चुलीपाशी बसली. आयनं पुढं भाकरी आणि माडगं ठेवलं. आत्यानं एक घास घेतला, दुसरा हातात धरला आणि तशीच, भिंतीला डोकं टेकून, झोपून गेली. तोंड उघडं, घास बोटांत. मी हलवायला गेले, म्हटलं पाय तरी दाबावेत, तर आयनं माझा हात धरला.

"ऱ्हाऊ दे," आय म्हणाली. "आज आपल्या कामानं दमलीया."